मान डोलवणारं कोणी

“बाई, समोर कोणीच नाही,” साईनाथबुवा तिसऱ्यांदा थांबून म्हणाले.

“आहे की बुवा. कॅमेरा आहे,” कल्पिता कॅमेऱ्यामागून म्हणाली.

“तो मान डोलवतो का?”

पेटीवाले खुदकन हसले. कल्पिताला हसू आलं नाही. पंधरा वर्षं ती गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांवर माहितीपट करत होती आणि स्वच्छ आवाज हा तिचा हट्ट. म्हणून तर टिटवाळ्याच्या बुवांना देवळातून उचलून घोडबंदर रोडच्या स्टुडिओत आणलेलं. इथे ना घंटा, ना खोकला, ना रडणारं पोर. गुडघ्यांचं कारण सांगून बुवांनी कीर्तन सोडलं होतं. फिल्मसाठी म्हणून हे शेवटचं एक. ते हुकलं तर फिल्म अर्धीच राहणार.

बुवांनी नमन पुन्हा उचललं. पुन्हा अडलं. हात फेट्याकडे गेला. आता उतरवणार!

“मॅडम, आपणच बसूया ना खाली,” आवाज टिपणारा दिपेश कुजबुजला.

“मी फ्रेममध्ये? अरे, आजवर माझी सावलीपण आलेली नाही.”

“मग बुवापण नाय येणार.”

कल्पिताने कॅमेरा स्टँडवर तसाच चालू ठेवला, चपला काढल्या आणि बुवांसमोर मांडी घातली. शेजारी दिपेश. बुवांनी दोघांना वाकून नमस्कार केला. श्रोत्यांत देव बसलेला असतो, मग श्रोते दोनच का असेनात. मग चिपळ्या वाजल्या. सुदाम्याची पोह्यांची पुरचुंडी देवाने ओढून घेतली, तोवर कल्पिता कॅमेरा पार विसरून गेली होती.

महिन्याभराने बुवांच्या ओटीवर तिने धाकधुकीतच फिल्म दाखवली. शेवटच्या अख्ख्या प्रसंगात पुढे तिचं डोकं. बुवा कमरेपर्यंत त्याच्याआड. आणि ते डोकं सारखं डोलतंय.

बुवा टक लावून बघत राहिले. “माझे गुडघे दिसत नाहीत गं.”

“चुकलंच, बुवा. कापायला गेले तर कीर्तनच कापलं जात होतं.”

“राहू दे. गुडघ्यांना कधी काही झालंच नव्हतं. समोर सगळे मोबाईल उगारून बसायचे, डोलायचं कोणी नाही. कोणापुढे उभा राहू?” बुवांनी खुंटीवरचा फेटा काढला. “संकष्टीला उभा राहतोय. ये. ते यंत्र तेवढं घरी ठेव.”