सखल अंगण

भरतीचं पाणी पुन्हा चुलीपर्यंत आलं, तसं म्हाताऱ्या इओतेबाला बसवेना. उठून तो शेजाऱ्यांच्या अंगणाकडे बघू लागला. या कंकणाकृती बेटावर आपली माणसं दारातच पुरायची रीत होती. त्या थडग्यांत पेरलेलं प्रयोगशाळेतलं नवं पोवळं फक्त माणसाच्या हाडांवर रुजायचं आणि वाढत जायचं, त्यामुळे शेजाऱ्यांची जमीन कमरेइतकी वर आली होती. इओतेबाची माणसं मासेमारीला गेली ती परतलीच नाहीत. त्याचं अंगण सखलच राहिलं.

“रोतिया, पोर रांगायला लागलं,” तो सुनेला म्हणाला. “त्याला उंच अंगण हवं. आजपासून माझी हृदयाची गोळी बंद कर.”

तिनं कडेवरचं पोर सावरलं, गोळी म्हाताऱ्याच्या तळहातावर ठेवली आणि त्यानं ती गिळेपर्यंत समोरून हलली नाही. पाणी तिच्या घोट्यांवर चढत होतं.