कॅमेऱ्यामागचे बाबा

घरच्या जुन्या रिळांत आई होती, मुलं होती, शेजाऱ्यांचं कुत्रंसुद्धा होतं; नव्हते फक्त बाबा, कारण कॅमेरा कायम त्यांच्याच हातात. ते गेल्यावर लेकाने भंगारवाल्याकडून परक्या घरांची रिळं आणली आणि कुणाची चाल, कुणाची पाठ, कुणाचं हसू कापून-चिकटवून बाबांवर फिल्म केली.

हल्ली सगळंच विसरणाऱ्या आईने ती पाहून डोळे पुसले. "अगदी अस्सेच हसायचे रे हे." लेकाची कॉलर ताठ झाली.

सकाळी आईने बाबांचा एकुलता एक फोटो भिंतीवरून उतरवून त्याच्या हातात दिला. "कोण रे हे गृहस्थ? उगाच आपल्या घरात ठाण मांडून बसलेत."



लेक हसत सांगायला गेला, आणि फोटोकडे बघतच राहिला. पटकन त्यालाही ओळख पटेना.