डुकराच्या गोष्टीचं शेवटचं पान

पंचवटीतल्या वाचनालयात दर रविवारी एकेक आई मुलांना गोष्ट वाचून दाखवायची. मंजुषाची पाळी आली तेव्हा ग्रंथपाल बाईंनी नेमकं तेच पुस्तक हातात ठेवलं: सगळी कणसं पोटाखाली दडवून बसलेल्या आपमतलबी डुकराचं. मुलं खिदळत होती. तिचा आवाज पानागणिक बसत चालला. भुकेलं कोकरू दाराशी आलं. पुढं ब्लेडनं कापलेल्या पानाची कड होती. त्यावरचं चित्र तिनंच लेकीच्या चिकटवहीसाठी पळवलं होतं. वहीला शाळेत पहिला नंबरही मिळाला. "पुढं काय झालं?" मुलांनी विचारलं. "पान सुटलंय वाटतं," खाली बघत ती म्हणाली. समोर बसलेली लेक उठली आणि डुकरानं सगळ्यांना कणसं वाटली ते घडाघडा सांगून मोकळी झाली. "तुला गं कसं ठाऊक?" बाईंनी कौतुकानं विचारलं. लेकीनं आईकडं पाहिलं. मग तीही खाली बघत म्हणाली, "असंच."