चौथा टाका

ग्रंथालयात जुने ग्रंथ शिवणाऱ्या ताईंचा कामावरचा तो शेवटचा दिवस होता. डोळ्यांनी दगा दिला होता, म्हणून सुयांची डबी त्यांनी सकाळीच ग्रंथपालांच्या टेबलावर ठेवली. "द्या कुणाला तरी. मला आता काय करायचीय?"

ग्रंथपालांनी एक हस्तलिखित पुढे सरकवलं. "जाता जाता एवढं शिवून द्या, ताई. जुन्या मठाची भिंत पाडताना सापडलं. सातशे वर्षं कुणाचा हात लागलेला नाही."

"आहे काय त्यात?"

"काळ चाकासारखा फिरतो म्हणे. गेलेली माणसं पुन्हा येतात, केलेलं पुन्हा करतात. दुसरं काय!"

खिडकीतल्या उन्हात ताईंनी भिंग धरलं. अर्धी शिवण उसवली होती, अर्धी शाबूत होती. टाके मोजता मोजता त्यांचं बोट थबकलं. दर चौथा टाका उलटा होता.

ही तर त्यांची स्वतःची खोड. काम शिकवताना वडिलांनी या खोडीपायी कितीदा बोटांवर पट्टी मारली होती आणि शेवटी हात टेकले होते. "जित्याची खोड, मेल्याशिवाय जायची नाही!"

ताई कितीतरी वेळ त्या जुन्या दोऱ्यावरून बोट फिरवत राहिल्या. मग उरलेली शिवण त्यांनी पुरी केली, दर चौथा टाका उलटा घालत. निघताना टेबलावरची डबी उचलून पिशवीत टाकली.

"अहो, देऊन टाकणार होतात ना?"

"राहू दे," ताई म्हणाल्या. "खोड मेल्यावरही जात नाही हो. लागेल पुन्हा."