तिची चाहूल

रखवालदाराने कागद पुढे सरकवला आणि हवेत जरा हुंगून तिच्याकडे पाहिलं.

"बाई, तुम्ही याआधी या कलादालनात आला होतात का?"

"मेले तरी आले नसते," ती म्हणाली. "का?"

"काही नाही. उगाच ओळखीचं वाटलं." त्याने विषय आवरता घेतला. "दुसरा सूर्य माथ्यावर यायच्या आत सांगा. हे मेणाचं शिल्प ठेवायचं की वितळवायचं? शिल्पकार गेले, आता शब्द तुमचा."

ती खुर्चीवर बसेना. खिडकीपर्यंत जायची, परत यायची, पदराचं टोक बोटाला गुंडाळायची.

"आई, पुरे तो सूर," बाकावरून मुलगी म्हणाली. ती सासरहून सकाळच्या बोटीने मुद्दाम आली होती.

"काय पुरे? मी तोंड तरी उघडलं का?"

मुलीने कपाळाला हात लावला.

तिचा नवरा जाग्या मेणाचा कारागीर. जागं मेण डोळ्यांना दिसणारं रूप धरत नाही. पण वास, आवाज, स्पर्श, चव हे सगळं पिऊन घेतं आणि माणूस अनवाणी आत शिरला की त्याच्या अंगात सोडतं. नवऱ्याच्या खिशात त्या मेणाचा गोळा सदा असायचा. कुठे जायचा, काय टिपायचा, देव जाणे. मग त्याने एक आख्खी खोली घडवली आणि तिला नाव दिलं, "तिची चाहूल".

झालं. 'ती' कोण, हे शहराने बारा वर्षं चघळलं. दालनात जाणारी माणसं नदीपलीकडची, हिच्या गल्लीतलं कुणी तिकडे फिरकत नसे. पण बातमीला होडी लागत नाही. हातात बादली आणि कुंचला घेऊन ती रस्त्यावरच्या दिव्यांत उजेडाचं शेवाळ भरत फिरायची, तेव्हा बायका तिच्याकडे कीव करून बघायच्या. तीस वर्षं तिने या शहराला उजेड दिला होता आणि शहर तिला कीव देत होतं.

एकदाच तिने नवऱ्याला विचारलं होतं, "मी येऊ का बघायला?"

तो हसला होता. "तू नको जाऊस. तुला काही कळायचं नाही."

ते हसू तिच्या काळजात काट्यासारखं रुतलं होतं. तो गेला तेव्हा रडतानाही ते आठवलंच.

"एकदा आत जाते," ती आता म्हणाली. "मग सांगते."

तिने चपला काढल्या. आत काळोख होता, पायाखाली मेण कोमट, मऊ.

आधी काहीच नाही. मग तिच्या छातीत धडधड सुरू झाली आणि ती धडधड तिची नव्हती. तिच्या नवऱ्याची होती. तो कुणाची तरी वाट बघत होता, जीव कानांत गोळा करून. घरी दाराकडे पाठ करून काम करत बसणारा हा माणूस.

लांबून पावलं आली. घाईची. पावलांबरोबर एक गुणगुणणं, नाकातल्या नाकात. सुराचा पत्ता नाही. धडधड वाढली. मग वास आला, ओलसर, कडवट. अत्तरसुद्धा धड नव्हतं त्या बाईकडे! मानेवर एक हात टेकला. गार, खरखरीत, अंगठ्याला चीर पडलेला. जिभेवर धातूच्या पेल्यातलं पाणी उतरलं आणि नवऱ्याचा अख्खा जीव निवला.

पाण्याच्या एका पेल्यावर! घरी त्याला पाणी कधी मागावं लागलं नव्हतं. न मागता हातात मिळायचं, म्हणूनच त्याचं काही वाटत नसणार.

ती बाहेर आली ती तळपायाची आग मस्तकात घेऊनच. "वितळवा," म्हणाली आणि उभ्याउभ्या अंगठा उठवला.

"आई, पुन्हा एकदा विचार कर."

"बारा वर्षं तेच केलं."

रखवालदाराने भिंतीतली चावी फिरवली. जमिनीखाली वाफ घुसल्याचा आवाज झाला. आता हे थांबत नाही, असं तो कुणाकडेही न बघता म्हणाला.

मुलगी उठली. आईला टोचतं ते आपणही बघायचं नाही, असं तिने लहानपणीच ठरवलं होतं. आज तिने चपला भिरकावल्या. "बाबांचं शेवटचं आहे. मी जाऊन येते."

"चटके बसतील," रखवालदार म्हणाला. तोवर ती आत गेलीही होती.

बाई खिडकीशी उभी राहिली. आता बरं वाटायला हवं होतं. वाटेना. हात उगाच पदराशी चाळा करत राहिले.

दार उघडलं. मुलीचे पाय घोट्यापर्यंत मेणाने माखले होते, डोळे वाहत होते. ती सरळ आईजवळ आली, तिच्या खांद्यात नाक खुपसून तिने एक दीर्घ श्वास घेतला. मग आईचा हात उचलून स्वतःच्या मानेवर ठेवला आणि त्या अंगठ्याची चीर बोटाने चाचपली.

दाराखालून मेणाचा पिवळा ओघळ बाहेर येत होता.

"आई," ती म्हणाली, "आत तूच होतीस गं."