कोपरावरचं ठिगळ

पडद्यावर पिवळं जॅकेट दिसलं आणि भोंग्याने शेजारी बसलेल्या मावशीला कोपराने ढोसलं. "बघ, बघ! आलं माझं जॅकेट."

मागून शिट्ट्या उठल्या. गल्लीतली झाडून सगळी माणसं आज फुकटात सिनेमाला आली होती, आणि फुकटात आलेला माणूस शिट्टीत काटकसर करत नाही.

सिनेमा त्यांच्याच गल्लीचा होता, रॅप करणाऱ्या तीन पोरांचा, आणि लिहिला होता त्या तिघांतल्याच मास्तरने. मास्तर म्हणजे शाळेतला नव्हे; यमकं जुळवायचा म्हणून मास्तर. "कपडे खरे हवेत रे, नवे घेतले की नकली दिसतात," असं म्हणत त्याने जॅकेट मागितलं, तेव्हा भोंग्याने ते धुऊन, घडी घालून स्वतः नेऊन दिलं. त्यानंतर गल्लीत त्याचं एकच पालुपद: हिरो माझं जॅकेट घालणार. भोंगा हे नाव त्याला उगाच पडलेलं नव्हतं.

जॅकेटच्या कोपरावर निळ्या चौकडीचं ठिगळ होतं. ते मावशीने लावलेलं. मावशी शिवणकाम करायची आणि ती चौकडी तिच्या पोराच्या जुन्या शर्टाची. मास्तर, भोंगा आणि तिसरा तो. गल्ली त्याला तुफान म्हणायची. आता ते नाव भिंतीवर रंगवलेलं तेवढं उरलं होतं.

"पण हा कुठे हिरो आहे?" मावशी म्हणाली.

खरंच की. हिरो झाला होता तुफान. जॅकेट होतं त्याच्या दणदणीत आवाजाच्या दोस्ताच्या अंगात.

"असू दे गं. हिरोचा दोस्त म्हणजे काय कमी मान आहे?"

पडद्यावरच्या तुफानने माइक हातात घेतला आणि खऱ्या तुफानची ओळ म्हटली, "जीव जाऊ दे, नाव नाही येणार तोंडी." सगळं थिएटर त्याच्याबरोबर ओरडलं. गल्लीचा कायदाच होता तो. मार खा, पण नाव घेऊ नको; पोलिसासमोर नको, गाण्यात नको, आईसमोरही नको. मावशीचेही ओठ हलले.

मग ते गॅरेज आलं. तिघं तिथेच गाणी रेकॉर्ड करायची. गाण्यातून डिवचलं म्हणून पलीकडच्या टोळीची पोरं तुफानच्या मागे लागली होती. तो जिवाच्या आकांताने गॅरेजकडे धावत होता. आत दोघं दोस्त. एकाने शटर खाली ओढलं आणि कुलूप घातलं. दुसरा त्याच्याशी झटत राहिला. बाहेर तुफान शटर बडवत होता. "अरे, मी आहे! मी आहे रे!"

शटर ओढणारा हात पडदाभर झाला. पिवळी बाही. कोपरावर निळी चौकडी.

त्या संध्याकाळी शटर मास्तरने ओढलं होतं. झटला होता तो भोंगा. नंतर मास्तर त्याच्यापुढे ढसाढसा रडला आणि भोंग्याने शब्द दिला. तुफान गॅरेजपर्यंत पोचायच्या आधीच मारला गेला, एवढंच गल्लीला ठाऊक होतं. भोंग्याने आजवर मास्तरचं नाव घेतलं नव्हतं. मास्तरनेही सिनेमात भोंग्याचं नाव घेतलं नव्हतं. कायदा दोघांनी पाळला. हिशेब अगदी चोख.

मागच्या शिट्ट्या बंद पडल्या.

"मावशी," भोंगा म्हणाला.

मावशी पडद्याकडे बघत होती. दोघांच्या खुर्च्यांमधल्या हातावर टेकलेलं कोपर तिने उचलून मांडीवर घेतलं.

सिनेमा सुटल्यावर मास्तर बाहेर पायऱ्यांवर उभा होता. नवा कोट, जो येईल त्याच्याशी हस्तांदोलन. भोंग्याला बघून तो जॅकेट घेऊनच पुढे आला. "घे, दोस्ता. ड्रायक्लीन करून आणलंय." ते भोंग्याच्या हातात ठेवून त्याने आवाज खाली आणला, "सिनेमाला एक गद्दार लागतोच रे. मनावर घेऊ नकोस. तुझं नाव घेतलंय का कुठे?"

"मावशीला सांग," भोंगा म्हणाला.

"काय सांगू?"

"शटरचं सांग."

मास्तरने मावशीकडे पाहिलं. आजूबाजूला गल्ली कान टवकारून उभी होती. कुणी सिनेमातल्या नटाबरोबर फोटो काढायचंही विसरलं होतं. मास्तरने मावशीचा हात हातात घेतला.

"मावशी, वय लहान होतं गं सगळ्यांचं. घाबरला असेल. तू मोठ्या मनाने माफ कर त्याला."

भोंग्याचं तोंड उघडलं. मावशीने दुसरा हात वर केला.

"नाव घेऊ नकोस कुणाचं. माझ्या पोराला आवडायचं नाही."

ज्याची कुजबुज चार घरांपलीकडे ऐकू जायची, त्या भोंग्याचं तोंड मिटलं.

मावशीने त्याच्या हातातून जॅकेट घेतलं आणि ती पायरीवर बसली. पर्समधून छोटी कात्री काढून तिने ठिगळाचे टाके उसवायला घेतले. टाके पक्के होते, तिचेच होते. वेळ लागला. लोक तिला वळसा घालून उतरत राहिले.

निळा तुकडा तिने मांडीवर सारखा केला, पर्समध्ये ठेवला. जॅकेटचे सुटे धागे झटकले, सवयीने त्याची घडी घातली आणि ती भोंग्याच्या हातात दिली. मग मास्तरने पुढे केलेला हात धरून ती पायऱ्या उतरली.

घडीत कोपराची बाजू वर आली होती. भोकातून भोंग्याला बाहीत शिरलेली आपलीच बोटं दिसत होती.