बादलीतल्या टी-बॅगा

टी-बॅगमधून अजून वाफ येत होती.

तिने हात झटकन मागे घेतला. बाल्कनीतलं खत वरखाली करायचं म्हणून बादलीचं झाकण उघडलं, तर वरच ही. दोरा, पिन, सगळं तसंच. ती स्वतः टी-बॅग गार झाल्यावर पिन काढून, फाडून टाकायची. आणि सकाळच्या चहाला आता किती वेळ झाला होता! वीज गेली म्हणून ती कामाला होती त्या दातांच्या डॉक्टरांनी दवाखाना बंद करून तिला दुपारीच सोडलं होतं. नवरा ऑफिसात. घरात तिसरं कुणी राहतच नव्हतं.

काठीने तिने सुका पाला बाजूला सारला. खाली टी-बॅगांचा थर होता. काही ओल्या, काही बुरशी धरलेल्या. त्याखाली आणखी.

आतल्या खोलीत खुट् झालं.

काठी घट्ट धरून ती दारापर्यंत गेली. "कोण आहे?"

कपाटाच्या आडून नवरा पुढे आला. इस्त्रीचा शर्ट, पायात मोजे, गळ्यात ऑफिसचं ओळखपत्र.

"अगं, मीच. घाबरू नकोस."

"तू? आणि ऑफिस?"

"काढून टाकलं मला." तो खाली बघत म्हणाला. "उन्हाळ्यातच."

तिने अंगातला स्वेटर मुठीत धरला.

"मग रोज सकाळी माझ्याबरोबर निघतोस, ते?"

"कोपऱ्यावर थांबतो. तुझी बस गेली की परत येतो."

"आणि दिवसभर करतोस काय?"

"चहा पितो."

ती तशीच पलंगावर बसली. काठीची माती चादरीला लागली, तरी तिला कळलं नाही. तोही शेजारी बसला.

उन्हं उतरली तसा तो उठला. बूट चढवले, बॅग घेतली.

"आता कुठे?"

"खाली जाऊन येतो. शेजारचे काका या वेळी जिन्यात असतात. रोज विचारतात, सुटलं का ऑफिस म्हणून."

थोड्या वेळाने बेल वाजली. तिने दार उघडलं. दारात तो, मागे काका.

"दमून आलाय हो बिचारा," काका म्हणाले. "चेहरा बघा कसा झालाय."

"हो ना," ती म्हणाली. नवऱ्याच्या हातातली बॅग तिने घेतली. जड असेल म्हणून जोर लावून उचलली, आणि हात एकदम खांद्यापर्यंत वर गेला.